ग्रीनोगच्या गोदामांमागचा क्लब

तो व्हिडिओ तुमच्यापैकी बऱ्याच जणांनी बघितलेला असणार, फक्त कुणाचा आहे ते लक्षात नसेल. उजवीकडून क्रॉस येतो, एक मुलगी गोलकडे पाठ करून उभी आहे, ती बॉल एका पायाने वर उचलते, दुसऱ्या टचला तो स्वतःच्या आणि मागच्या डिफेंडरच्याही डोक्यावरून पलीकडे टाकते, वळते, आणि बॉल खाली पडायच्या आत डाव्या पायाने जो काही ठोकते की गोलकीपरचा हात नुसता हवेत राहतो. सगळं मिळून तीनचार सेकंद. स्टेफनी रोश तिचं नाव, टीम आयर्लंडची पीमाउंट युनायटेड, समोर वेक्सफर्ड यूथ्स, तारीख २० ऑक्टोबर २०१३. क्रॉस देणारी होती ऑन्या ओगॉर्मन, जिचं नाव त्या व्हिडिओखाली फारसं कुणी लिहीत नाही.

मॅचला प्रेक्षक होते ९५. टीमची मॅनेजर आयलीन ग्लीसन हिने ते फुटेज यूट्यूबवर टाकलं म्हणून जगाला कळलं, नाहीतर त्या ९५ जणांनी घरी जाऊन सांगितलं असतं की अरे आज काय गोल बघितला, आणि घरच्यांनी हो का म्हणून चहा पुढे केला असता. मग पुढे पुश्काश अवॉर्ड, म्हणजे फिफा वर्षातल्या सगळ्यात भारी गोलला देतं ते बक्षीस, त्याच्या शेवटच्या तिघांत एक बाई, पहिल्यांदाच. बाकीचे दोघं म्हणजे हामेस रॉड्रिगेझ, ज्याचा गोल २०१४ च्या वर्ल्ड कपमध्ये माराकानावर सत्तर हजारांहून जास्त लोकांसमोर झाला होता, आणि रॉबिन व्हॅन पर्सी, ज्याने स्पेनला हवेत सूर मारून हेडर घातला होता. जानेवारी २०१५ मध्ये झुरिकला निकाल लागला. हामेसला ४२ टक्के मतं, रोशला ३३, व्हॅन पर्सीला ११. म्हणजे व्हॅन पर्सीला बऱ्यापैकी मागे टाकून ती दुसरी आली.

इथपर्यंतची गोष्ट सगळ्यांना माहीत असते, आणि बहुतेक जण इथेच थांबतात. मला त्या गोलपेक्षा त्या क्लबबद्दल लिहायचंय, कारण मी डब्लिनजवळ लूकनला राहते आणि पीमाउंट इथून जवळ आहे, आणि इतकी वर्षं इथे राहून मला हा क्लब आजूबाजूच्या भारतीय लोकांत कुणाला माहीत असलेला दिसला नाही. लूकन आणि अ‍ॅडम्सटाउनमध्ये इतके आपले लोक आहेत, गणपती होतात, दिवाळीला हॉल बुक होतात, क्रिकेटच्या टीम्स आहेत, पण शेजारी एक क्लब चार वेळा देशाचा चॅम्पियन झालाय हे कुणाच्या गावीही नाही.

जागा कशी आहे ते सांगते. डब्लिनच्या पश्चिमेला न्यूकॅसल नावाचं गाव, त्याला लागून ग्रीनोग. ग्रीनोग म्हणजे काय तर इंडस्ट्रियल इस्टेट. गोदामं, ट्रक, पत्र्याच्या शेड, रविवारी सामसूम. जवळच बॉल्डॉनेलचा विमानतळ आहे, साधा नाही, आयर्लंडच्या एअर कोअरचा, म्हणजे हवाई दलाचा. या सगळ्याच्या मध्ये पीआरएल पार्क. पहिल्यांदा गेलात तर वाटतं की गूगल मॅपने गंडवलं.

आणि पीमाउंट हे नाव इथे मूळचं हॉस्पिटलचं. १९१२ साली इथे टीबीचं सॅनेटोरियम सुरू झालं. त्या काळात आयर्लंडमध्ये टीबीने माणसं अक्षरशः मरत होती, आणि हे सॅनेटोरियम उभं केलं ते विमेन्स नॅशनल हेल्थ असोसिएशनने, म्हणजे बायकांच्या संघटनेने. पुढाकार लेडी अ‍ॅबरडीन यांचा, त्या तेव्हाच्या व्हाइसरॉयच्या पत्नी. आजूबाजूच्या लोकांनी जोरदार विरोध केला, रोग आमच्याकडे पसरेल म्हणून. आज तिथे पुनर्वसनाचं आणि अपंग लोकांच्या देखभालीचं काम चालतं. आता सॅनेटोरियम आणि फुटबॉल यांचा ओढूनताणून संबंध लावायचा नाहीये मला, पण गावाबाहेर नकोशा जागी बायकांनी काहीतरी उभं करायचं आणि बाकीच्यांनी नाकं मुरडायची, हे या पत्त्यावर फुटबॉलच्या कितीतरी आधी होऊन गेलंय एवढं मात्र डोक्यात येतंच.

आयर्लंडमधल्या बायकांच्या फुटबॉलचा एकूण इतिहास असाच बाहेरबाहेरून गेलेला. इथे एक तर फुटबॉल म्हटलं की आधी विचारायला लागतं कुठलं, कारण गेलिक फुटबॉल हा इथला घरचा खेळ, आणि सॉकर हा कितीतरी वर्षं इंग्रजांचा खेळ म्हणून बघितला गेलेला. गेलिक खेळणाऱ्या संघटनेचा, जीएएचा, नियमच होता की सॉकर, रग्बी, क्रिकेट असले परके खेळ खेळलात तर तुमच्यावर बंदी. तो नियम गेला १९७१ मध्ये. पुरुषांसाठी होता तो, पण त्याची सावली मुलींवरही पडणारच ना. त्यानंतर दोन वर्षांनी, १९७३ मध्ये, बायकांच्या फुटबॉलची वेगळी संघटना झाली आणि त्याच वर्षी मे महिन्यात आयर्लंडच्या बायकांची पहिली अधिकृत आंतरराष्ट्रीय मॅच झाली, वेल्समध्ये लानेथ्लीला. जिंकल्या ३-२. तीनही गोल पॉला गोरहॅमचे. पहिल्याच मॅचला हॅटट्रिक! आपल्याकडे पहिल्याच टेस्टला सेंचुरी मारणाऱ्याचं नाव पोरंटोरं पाठ म्हणतात, आणि पॉला गोरहॅम हे नाव मी ऑफिसात फुटबॉलवेड्या आयरिश लोकांसमोर टाकून बघितलं तर एकाने विचारलं, ती टीव्हीवर असते का?

अ‍ॅन ओब्रायनचं तर त्याहून वाईट. डब्लिनमधल्या इंचिकोरची पोरगी. १९७३ मध्ये फ्रान्सची रीम्सची टीम आयर्लंडला खेळायला आली, त्यांनी हिला बघितलं आणि सतराव्या वर्षी उचलून घेऊन गेले. तिथून पुढे इटली. लाझिओ, मिलान आणि बाकीच्या टीम्स, सहा वेळा इटलीची लीग जिंकली बाई. आणि आयर्लंडकडून किती मॅचेस खेळली? चार. पुरुष असता तर विमानतळाला नाव दिलं असतं. २०१६ मध्ये ती गेली, आणि तिच्याबद्दल बरंचसं कौतुक त्यानंतर छापून आलं, जे कौतुक तिने वाचलं असतं तर मला जास्त बरं वाटलं असतं.

तर अशा देशात २०११ च्या नोव्हेंबरमध्ये विमेन्स नॅशनल लीग सुरू झाली. त्याआधी लीग होत्या पण त्या डब्लिनची वेगळी, बाकीच्यांच्या वेगळ्या, अख्ख्या देशाची अशी नीट बांधलेली नव्हती. पहिल्या सीझनला टीम्स कोण, तर पीमाउंट, राहीनी युनायटेड, शॅमरॉक रोव्हर्स, वेक्सफर्ड यूथ्स, कॉर्क आणि कासलबार सेल्टिक. पीमाउंट पहिली चॅम्पियन. आणि त्या वर्षी पीमाउंटच्या मुली युरोपच्या चॅम्पियन्स लीगच्या शेवटच्या ३२ मध्येही पोचल्या, आयर्लंडच्या कुठल्याही बायकांच्या टीमने ते आधी केलेलं नव्हतं. समोर आली पॅरिस सँ जर्मां. हरल्या, घरची आणि बाहेरची दोन्ही मॅच हरल्या, पण विचार करा, एका बाजूला ते पॅरिस आणि दुसऱ्या बाजूला ग्रीनोगची गोदामं.

इथे एक गंमत. मराठी माणसाला आयर्लंडबद्दल एक गोष्ट नक्की माहीत असते, ती म्हणजे लिओ वराडकर. मालवणजवळच्या वराड गावाशी नातं, वडील डॉक्टर, मुलगा इथला पंतप्रधान झालेला. पण पंतप्रधान व्हायच्या आधी, २०११ ते २०१४, वराडकर इथले क्रीडामंत्री होते. म्हणजे ही लीग सुरू झाली तेव्हा आणि रोशने तो गोल मारला तेव्हाही, या देशाचं क्रीडा खातं सिंधुदुर्गाशी नातं असलेल्या माणसाकडे होतं. याचा फुटबॉलला काय फायदा झाला वगैरे मी म्हणत नाहीये. पण हे मी बाबांना फोनवर सांगितलं तेव्हा ते आधी खूश झाले, आणि मग त्यांनी विचारलं, "पण मॅचला माणसं किती असतात गं?" मी म्हटलं शेदोनशे. "मग मंत्री काय करत होता?" प्रश्न रास्त आहे.

आता मूळ मुद्द्यावर येते, की या क्लबचं खरं काम काय. माझ्या मते पीमाउंटचं काम म्हणजे मुली घडवायच्या आणि सोडायच्या. लुईझ क्विन, विकलोतल्या ब्लेसिंग्टनची, इथे खेळली आणि मग स्वीडन, मग आर्सेनल. हेदर पेन इथे खेळली, मग इंग्लंड, अमेरिका. रोश त्या गोलनंतर फ्रान्सला गेली, मग अमेरिकेत ह्यूस्टनला, तिथे त्यांनी तिला काही महिन्यांतच सोडून दिलं (जगातला दुसऱ्या नंबरचा गोल, आणि काही महिन्यांत नारळ), मग इंग्लंड, इटली, आणि फिरून परत पीमाउंट. २०२० ला पीमाउंटने लीग आणि कप दोन्ही जिंकले तेव्हा ती टीममध्ये होती. कपची फायनल डिसेंबरमध्ये डब्लिनमधल्या टालाच्या स्टेडियमवर, कॉर्क सिटीविरुद्ध ६-०, आणि कोविडमुळे स्टेडियम रिकामं. क्लबच्या इतिहासातला सगळ्यात मोठा दिवस आणि बघायला ९५ सुद्धा नाहीत.

आणि अँबर बॅरेट. ही डोनेगलची, आयर्लंडच्या पार वायव्येला. गेलिक फुटबॉलही खेळलेली. पीमाउंटकडून खोऱ्याने गोल मारले, मग २०१९ मध्ये जर्मनीला गेली. ७ ऑक्टोबर २०२२ ला डोनेगलमधल्या क्रीस्लो गावात पेट्रोल पंपावर स्फोट झाला आणि दहा माणसं गेली. त्या गावाशी तिच्या घरच्यांचं नातं. चार दिवसांनी ग्लासगोला हॅम्पडेनवर स्कॉटलंडविरुद्ध प्लेऑफ, जिंकलं तर वर्ल्ड कप, आयर्लंडच्या बायका आधी कधीच गेलेल्या नाहीत. अँबर सबस्टिट्यूट म्हणून आली आणि लगेच गोल. १-०. गोल झाल्यावर ती दंडावरच्या काळ्या पट्टीला हात लावत होती. मी ती मॅच घरी टीव्हीवर बघितली. खरं सांगायचं तर मला तेव्हा ऑफसाइड सुद्धा धड कळत नव्हतं, पण मी रडले.

पुढच्या वर्षी ऑस्ट्रेलियात वर्ल्ड कप, पहिली मॅच सिडनीला यजमानांशीच, ७५,७८४ लोकांसमोर, हरल्या १-०. नंतर कॅनडाशी केटी मकेबने कॉर्नरवरून थेट गोल मारला तरी हरल्या, नायजेरियाशी बरोबरी, घरी परत. केटी पीमाउंटची नाही हं, ती राहीनी आणि शेलबर्नची, म्हणजे प्रतिस्पर्धी, पण टालाकडची म्हणून इकडची सगळीच पोरं तिला आपली मानतात.

वर्ल्ड कपच्या झगमगाटात एक गोष्ट विसरायची नाही. ४ एप्रिल २०१७. डब्लिनमध्ये लिफी नदीच्या काठावर लिबर्टी हॉल आहे, कामगार युनियनचं ऑफिस, इथल्या कामगार चळवळीचं जवळजवळ देऊळच. तिथे नॅशनल टीमच्या मुलींनी पत्रकार परिषद घेतली. सांगितलं काय, तर आम्हाला ट्रॅकसूट दिले जातात ते लहान वयोगटातल्या टीम्ससोबत वाटून घ्यायचे, आणि कधीकधी विमानतळाच्या टॉयलेटमध्ये बदलून परत करायचे. हॉटेलात वायफाय मिळावं ही सुद्धा मागणी होती. वायफाय! कामावरून सुट्टी घेऊन देशासाठी खेळायचं, त्या सुट्टीचे पैसे बुडायचे. त्या टेबलाशी कॅप्टन एमा बर्नबरोबर ऑन्या ओगॉर्मन होती, रोश होती, कॅरेन डगन होती, म्हणजे पीमाउंटच्या इतिहासात ज्यांची नावं पुन्हापुन्हा येतात त्या. फुटबॉल संघटनेने काही दिवसांत मान्य केलं. २०२१ मध्ये पुरुष आणि बायका दोघांना देशाकडून खेळायचे सारखे पैसे असं ठरलं. पण मला ते २०१७ चं जास्त महत्त्वाचं वाटतं, कारण तेव्हा टीममधून काढलं जायची भीती खरी होती. झुरिकमध्ये मेस्सीरोनाल्डोच्या सोहळ्याला रेड कार्पेटवर चालून आलेल्या मुलीला दोन वर्षांनी ट्रॅकसूटसाठी माईकसमोर बसावं लागतं, हे मला अजून पचत नाही.

मी इथे मॅचला जायला लागले ते उशिरा, वर्ल्ड कपच्या आसपास. जाण्यात काही थोर विचार नव्हता, कंटाळा होता आणि शनिवार होता. तिकिटाला फार पैसे पडत नाहीत. गेटवर पैसे घेणारा, चहा देणारी, बॉल आणून देणाऱ्या लहान मुली, सगळे ओळखीचे असल्यासारखे, म्हणजे आपल्याकडच्या गणेश मंडळात जसं असतं, पावती फाडणाराच रात्री मांडव सोडायलाही हजर. पीमाउंटचं वैशिष्ट्य असं की त्यांच्यामागे पुरुषांचा मोठा क्लब नाही. लीगमधल्या बऱ्याच टीम्स म्हणजे एखाद्या मोठ्या पुरुषांच्या क्लबची बायकांची शाखा. इथे पुरुषांची टीम आहे पण ती खालच्या लीगमध्ये, लेन्स्टर सीनियर लीगमध्ये खेळते. म्हणजे पीमाउंट म्हटलं की लोकांच्या डोळ्यासमोर बायकांचीच टीम येते. अशी उलटी गंगा मला तरी दुसरीकडे फार दिसली नाही.

पण याचा तोटाही आहे, आणि तो २०२१ पासून दिसायला लागला. त्या वर्षी शेवटच्या दिवसापर्यंत लीग पीमाउंटच्या हातात होती. घरच्या मैदानावर गॉलवेशी खेळायचं होतं, आणि तिथे पाच गोल खाल्ले. शेलबर्न चॅम्पियन. २०२२ ला पण शेलबर्नच. मग २०२३ साठी शॅमरॉक रोव्हर्सने, म्हणजे पुरुषांच्या फुटबॉलमधल्या या देशातल्या सगळ्यात नावाजलेल्या क्लबने, बऱ्याच वर्षांनी बायकांची टीम परत लीगमध्ये उतरवायचं ठरवलं. त्याच सुमारास लीगमध्ये खेळाडूंना प्रोफेशनल करार देता यायला लागले. तोपर्यंत सगळ्या हौशी, कुणी शिक्षिका, कुणी कॉलेजात. मग काय व्हायचं ते झालं. रोव्हर्सनी पीमाउंटमधून माणसं नेली. ऑन्या ओगॉर्मन गेली. स्टेफनी, आता लग्नानंतर झांब्रा, तीही गेली.

यात चूक कुणाची असं म्हणता येणार नाही. वर्षानुवर्षं फुकट खेळलेल्या बाईला कुणी पगार देतंय तर तिने जावंच, मी तर म्हणेन पळत जावं. पण मागे उरलेल्या क्लबचं काय? सगळ्यांनी गृहीत धरलं की संपलं. मॅनेजर जेम्स ओकॅलहन, कॅप्टन कॅरेन डगन आणि बाकी बहुतेक पोरीच पोरी, काही तर शाळेतून नुकत्या बाहेर पडलेल्या. आणि या टीमने २०२३ ची लीग जिंकली!

म्हणजे जिच्या क्रॉसवर तो प्रसिद्ध गोल झाला ती गेली, जिने गोल मारला ती गेली, आणि त्यानंतर क्लब चॅम्पियन झाला. चौथ्यांदा. २०११-१२, २०१९, २०२०, २०२३. माझ्या मते त्या यूट्यूबच्या गोलपेक्षा हा मोठा पराक्रम आहे, पण याचा तीन सेकंदांचा व्हिडिओ होत नाही, ही अडचण आहे. एक अख्खा सीझन, भर पावसातली ट्रेनिंग, कुणीतरी गाडी काढून मुलींना घरी सोडणं, कुणाच्या परीक्षा आहेत म्हणून टीम बदलणं, हे कसं व्हायरल करणार? त्या सीझननंतर कॅरेन डगनने बूट टांगले. आणि ज्या आयलीन ग्लीसनने दहा वर्षांपूर्वी तो व्हिडिओ टाकला होता, ती त्याच २०२३ मध्ये देशाच्या बायकांच्या टीमची कोच झाली.

मला कधीकधी वाटतं की त्या गोलने क्लबचं थोडं नुकसानच केलं. जग आलं, बघितलं, वाहवा केली आणि पुढच्या व्हिडिओकडे गेलं. प्रत्येक बातमीत तेच, ९५ प्रेक्षक, ९५ प्रेक्षक, जणू ती काही गोड गोष्ट आहे. अरे ९५ च का होते याची लाज कुणाला वाटली का? नवी लीग होती, पैसा नव्हता, टीव्ही नव्हता, सगळं खरं, पण हा आकडा मिरवायचा नसतो.

आता परिस्थिती बरी आहे. लीगच्या मॅचेस ऑनलाइन दिसतात, आणि टीजी४, म्हणजे आयरिश भाषेचं सरकारी चॅनल, निवडक मॅचेस लाइव्ह दाखवतं. मला आयरिश भाषा काडीचीही येत नाही, तरी कॉमेंट्री ऐकायला मजा येते, मधूनच कॉर्नर आणि पेनल्टी असले शब्द ओळखीचे लागतात. २०२४ ची लीग अ‍ॅथलोनने नेली. अ‍ॅथलोन म्हणजे देशाच्या ऐन मध्यावर, शॅनन नदीवरचं गाव, डब्लिनच्या मोठ्या क्लबांना तिथून धक्का बसला याचा मला पीमाउंटवाली असूनही आनंदच झाला. पीमाउंटच्या चांगल्या मुली दर सीझनला जातातच, त्यांच्या जागी पंधरासोळा वर्षांच्या येतात, आणि मला त्यांची नावं पाठ होईपर्यंत त्यातल्या एकदोघी कुठल्यातरी मोठ्या क्लबला निघालेल्या असतात. येत्या सीझनला लूकनमधल्या आपल्या दोनतीन घरांना मॅचला न्यायचा माझा विचार आहे, त्यांच्या मुली शाळेत फुटबॉल खेळतात आणि आया अजून भरतनाट्यमच्या क्लासची चौकशी करतायत. क्लास संध्याकाळी सहाला असतो, मॅच बहुतेक त्याच वेळेला, त्यामुळे भांडण होणार आहे.